डावा तळवा

रोहिदास आगवणेच्या कारकिर्दीचं
कात्रण माझ्याकडे एकही नाही.
हा डावा तळवा आहे, बघा.
तर्जनीच्या मुळाशी टणक झालंय ना,
तिथं यायचा त्याचा चेंडू.
बोपोडीचं मैदान, पहाटे साडेपाच,
सिंहगड एक्स्प्रेस धडधडत जायच्या आत पन्नास.
थंडीत तर गृहपाठ न केल्याच्या छडीसारखा.

चेंडू एकच होता. उसवला की त्याचे वडील शिवायचे,
दापोडी स्टेशनबाहेर, काळ्या छत्रीखाली.
एकशेआठ टाके. लाल दोरा नव्हता म्हणून काळा.
जपमाळेत असतात तेवढेच, कुणीतरी म्हणालं.
अण्णांनी आरीवरून मान वर केली नाही.
"माळ ओढणाऱ्यांच्या चपला शिवल्यात मी," म्हणाले,
"लवकर उसवतात. फार घासून चालतात."

बॅट घेऊन खडकी बाजारातून निघालो
की हवालदार अडवायचा, कुणाला मारायला?
रोहिदास सांगायचा, साहेब, मी मारत नाही, टाकतो.
हे उत्तर चौकीत चाललं नाही.

मग कोणी परदेशी पाहुणे आले,
बंदुकीसारखं यंत्र घेऊन.
अठ्ठ्याऐंशी, म्हणाले. पुढचा, एकोणनव्वद.
मी मास्कच्या आत होतो, आकडा दिसला नाही,
हाताला आधीच कळला होता.
करार झाला. त्यांनी नाव अर्ध्यात तोडलं, रोही.
आई विचारायची, ओहायो की आयोवा?
दोन्ही तिला घाटापलीकडेच.

दोन मोसम. एकतीस इनिंग.
दोन जिंकले, पाच हरले. बाकीचे दिवस बस,
आणि बसच्या काचेबाहेर मका.
तिकडे रात्र झाली की फोन करायचा.
इकडे भोसरीत, बेअरिंगच्या कारखान्यात,
माझी पहिली पाळी सुरू झालेली असायची.
"इथला कॅचर चांगला आहे रे," म्हणायचा,
"पण शिव्या देत नाही. चुकलं ते कळतच नाही."
मी मशीन बंद करून
मनापासून दोन शिव्या घालायचो.
सुपरवायझर वळून बघायचा.

दुसऱ्या वर्षी, जुलैत, पहिल्याच इनिंगमधला तिसरा चेंडू.
दुखलं नंतर, म्हणाला. आधी आवाज.
बूट ओढून काढताना शिवण जाते ना, तसा.
डॉक्टरांनी मनगटातली एक दोरी काढली,
कोपरात ओवली.
करार मात्र कुणी शिवला नाही.

विमानतळावरून रिक्षानं थेट दापोडीला आला.
अण्णांनी त्याची बाही वर सारली, चष्मा पुसला,
अंगठ्याच्या नखानं खुणा मोजल्या. सव्वीस.
मग गिऱ्हाइकाला सांगतात तसं म्हणाले,
"शिवणाऱ्याचा हात चांगला आहे.
पण यावर आता भार टाकायचा नाही."
आणि काही न झालेल्या एका चपलेत
उगाच आरी घातली.

आता तो पिंपळे गुरवच्या शाळेत पीटी घेतो.
कवायत, हजेरी,
मधल्या सुट्टीत खिचडीच्या रांगेला शिट्टी.
रविवारी मैदानावर येतो. वीस चेंडू, हलके.
मी झेलतो. आमच्यात बोलणं फारसं नसतं.
तळव्याला जागा तीच लागते,
नुसती लागते.

आठवीतली एक पोरगी आहे, तन्झिला.
चिंचेवर दगड मारताना त्याला सापडली,
म्हणजे मुख्याध्यापकांच्या काचेसकट.
परवा तिला म्हणाला, याच्या हातात टाक.
ग्लोव्ह न घालताच बसलो मी,
पोरीचा चेंडू तो काय.
गुडघे वाजले. गाडी अजून जायची होती.

आज मंगळवार आहे.
बाइकचा क्लच धड दाबता येत नाही.
हॅरिस पुलावर मागचे हॉर्न मारतायत,
आणि मी, चक्क,
कुणालाही शिवी देत नाहीये.